वाचकांचे प्रश्न : हिंदी बोलणारे परदेशी हिरो

मागच्या अंकात बोलता बोलता मी लिहून गेले की परदेशी मारधाडीच्या पिक्चरची चोरटी हिंदी प्रत मोबाइलवर पाहणाऱ्यांचा मला राग येत नाही, पण जीव तुटतो. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं अख्खं पान त्यालाच देते आहे. नव्या वाचकांसाठी एवढंच सांगते : मी १९९६ पासून अंधेरीच्या स्टुडिओंमध्ये हिंदी डबिंगचे संवाद लिहिते आणि कलाकारांकडून डबिंग करून घेते.

प्रश्न : ताई, मी अंधेरीत एका बिल्डिंगला रात्रपाळीचा वॉचमन आहे. सकाळी ड्युटी सुटली की नालासोपाऱ्याला जाणाऱ्या गाडीत बसायला जागा मिळते, तेव्हा मोबाइलवर पिक्चर बघतो. थायलंड, इंडोनेशिया, कोरियाचे फायटिंगचे, हिंदीत. इंग्रजी येत नाही आणि खालची पट्टी वाचेपर्यंत मारामारी संपते. टेलिग्रामवर सगळं फुकट मिळतं. भाऊ म्हणतो हे चोरीचं आहे. पैसे भरून बघायचं म्हटलं तर हे पिक्चर हिंदीत कुठे दिसतच नाहीत. मग मी चोर का?
(एक वाचक, नालासोपारा)

उत्तर : चोर हा शब्द मी तुला लावणार नाही. का, ते सांगायला लालबागला जावं लागेल, आमच्या चाळीत.

१८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि माझे वडील घरी बसले. पुढच्या वर्षीच्या गणपतीत मी अकरा वर्षांची होते. घरोघरी ओढाताण होती, तरी गणपतीत एका रात्री ‘व्हिडिओ आणायचा’ हे ठरलेलं. खोलीमागे दोन रुपये वर्गणी. भाड्याचा रंगीत टीव्ही, व्हीसीआर आणि तीन कॅसेट. दोन हिंदी पिक्चर झाले की बायका पोरांना घेऊन उठायच्या आणि पहाटे दोनच्या सुमाराला तिसरी कॅसेट लागायची, हाँगकाँगचा कराटेचा पिक्चर. त्यातली भाषा कुणालाच कळत नसे. शेजारच्या खोलीतले काका, गिरणीत साचेवाले होते, ते टीव्हीच्या बाजूला स्टुलावर बसायचे आणि बोलायला लागायचे. ‘हा म्हातारा त्याला सांगतोय, माझ्या गुरूला मारलंस, आता घर विसर.’ काकांनाही ती भाषा येत नव्हती. ते चेहऱ्याकडे बघून बोलायचे. मी गॅलरीत झोपेचं सोंग घेऊन ऐकत असे. आयुष्यात मी ऐकलेलं पहिलं डबिंग ते.

ती कॅसेट चोरीची होती. तिच्यावर बॉलपेनने नुसता नंबर लिहिलेला असायचा. आपण कुणाचं काही लुबाडतोय असं चाळीत एकालाही वाटलं नाही, कारण ज्यांचं होतं ते समुद्रापलीकडे होते, आणि लालबागच्या माणसासाठी त्यांनी काही केलंय असं आम्हाला कधी दिसलंच नव्हतं.

मग १९९४ मध्ये ‘ज्युरासिक पार्क’ हिंदीत आला. काकांना मी घेऊन गेले. त्यांची गिरणी कायमची सुटली होती, एका गोदामावर राखणीला होते, तुझ्यासारखेच रात्री जागायचे. पिक्चरभर ते एक शब्द बोलले नाहीत. बाहेर आल्यावर म्हणाले, ‘सगळं कळलं गं. कुणाला विचारावं लागलं नाही.’ त्या पिक्चरने हिंदीत केलेला धंदा बघून हॉलिवूडच्या कंपन्या हिंदी डबिंगकडे वळल्या आणि दोन वर्षांनी मलाही त्यातच काम मिळालं.

म्हणून तुला त्या पिक्चरांची ओढ का आहे, हे मला कुणी समजावून सांगायला नको. आमच्या त्या कॅसेटमध्ये आणि तुझ्या मोबाइलमधल्या फाइलमध्ये एक फरक मात्र आहे. तुझ्या फाइलमधला हिंदी आवाज बँकॉकला किंवा सोलला तयार झालेला नाही. तू ज्या स्टेशनावर गाडी पकडतोस, तिथून रिक्षाने पंधरा मिनिटांवर तो तयार होतो.

मोठ्या हॉलिवूडपटांचं बाजूला ठेव. ‘अ‍ॅव्हेंजर्स : एंडगेम’ २०१९ मध्ये आपल्याकडे लागायच्या आधीच नेटवर फुटला होता, तरी थिएटरं भरभरून वाहिली. तू म्हणतोस ते पिक्चर आणणारा माणूस निराळा असतो. दोन-तीन माणसांचं ऑफिस असलेला छोटा वितरक. तो परदेशातल्या फिल्म बाजारात जाऊन भारतापुरते हक्क घेतो, स्वतःच्या पैशाने हिंदी करून घेतो आणि वाहिनीला किंवा ओटीटीला विकतो. हिंदी प्रत फक्त आपल्याकडे आहे, या एका गोष्टीवर त्याचा सगळा हिशोब उभा असतो.

काही वर्षांपूर्वी अशाच एका वितरकासाठी मी एका अ‍ॅक्शनपटाचे संवाद लिहिले. नायक फार कमी बोलणारा. असा माणूस लिहायला सगळ्यात अवघड, कारण त्याचा एक शब्द चुकला तर लपवायला दुसरा नसतो. एकोणीस दिवस लागले. वाहिनीवर लागायच्या नऊ दिवस आधी हिंदी प्रत टेलिग्रामवर फिरायला लागली. कुठून फुटली ते आजतागायत कळलेलं नाही. वाहिनीने भाव पाडला. त्याच नायकाचे आणखी दोन पिक्चर वितरकाने घेऊन ठेवले होते आणि त्यातल्या एकाचे संवाद माझे लिहून झाले होते. त्याने फोन केला. म्हणाला, ‘मॅडम, आता हिंदी राहू द्या.’ ते ८४ पानांचं बाड माझ्या कपाटात आहे.

पैसे भरायला तयार असूनही तुला हे पिक्चर हिंदीत का दिसत नाहीत, त्याचं एक कारण त्या कपाटात आहे. सगळा दोष चोरीचा नाही, हेही सांगते. ओटीटीवाले हिंदी करतात ते त्यांना मोठ्या वाटणाऱ्या पिक्चरांचं, आणि हक्कांची मुदत संपली की पिक्चर रातोरात नाहीसा होतो. तुझ्यासारखा प्रेक्षक आहे, हे त्यांना कळायचं तरी कसं? टेलिग्रामवर पाहिलेला पिक्चर कुठल्याच मोजणीत येत नाही. तू एखाद्या नायकाचे अकरा पिक्चर पाहिलेस तरी वितरकाच्या वहीत तू शून्य असतोस. मग तो म्हणतो, याला हिंदीत गिऱ्हाईक नाही. मला सगळ्यात जास्त लागतं ते हे.

आणि एक लहानशी गोष्ट, माझ्या जिव्हाळ्याची. काही ओटीटींवर पिक्चर संपला की शेवटी एक पाटी येते : हिंदी आवाज कुणाचे, संवाद कुणाचे. वर्षानुवर्षं आमची नावं कुठेच नसायची, ती या पाटीमुळे दिसायला लागली. चोरट्या ‘ड्युअल ऑडिओ’ फाइलमध्ये बहुतेक वेळा चित्र परदेशी डिस्कवरचं असतं आणि हिंदी आवाज दुसरीकडून काढून त्याला जोडलेला असतो. आवाज येतो, पाटी मागे राहते. जो आवाज ऐकत तू नायगाव, वसई पार करतोस, त्याचं नाव तुला कधीच कळत नाही.

आता करायचं काय? डीडी फ्री डिशवर महिन्याचे पैसे न भरता हिंदी चित्रपट वाहिन्या दिसतात. अ‍ॅमेझॉन एमएक्स प्लेअरवर जाहिराती सोसल्या की परदेशी मालिका-चित्रपट हिंदीत फुकट असतात. यूट्यूबवर हक्क विकत घेतलेल्या कंपन्यांची स्वतःची चॅनेल आहेत, तिथे पूर्ण पिक्चर असतो आणि तुझं पाहणं मोजलं जातं. तुझे सगळे पिक्चर तिथे मिळतील असं मी म्हणत नाही. जो मिळेल तो तिथे बघ आणि खाली दोन ओळी लिही की या नायकाचा पुढचाही हिंदीत हवा. वितरक त्या ओळी वाचतात. मी त्यांना वाचताना पाहिलं आहे.

प्रश्न : माझ्या बारावीतल्या मुलाने व्हॉट्सअ‍ॅपवर आलेल्या लिंकवरून हिंदी डब पिक्चरचं एक अ‍ॅप मोबाइलमध्ये टाकलं. मोबाइल यजमानांचा. काल त्यांच्या खात्यातून १८,४०० रुपये गेले. रागाच्या भरात मुलावर हात उगारला. आता तो जेवायलाही बाहेर येत नाही. काय करू?
(एक आई, भांडुप)

उत्तर : तुमचं पत्र मासिकाकडे ईमेलने आलं, त्याच दुपारी तुम्हाला उत्तर कळवलं होतं. इतरांसाठी इथे देते. पहिलं काम १९३० या क्रमांकावर फोन. हा सायबर फसवणुकीचा राष्ट्रीय हेल्पलाइन क्रमांक आहे आणि इथे वेळ फार महत्त्वाचा : पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत कळलं तर ते अडवता येतात. तक्रारीचा क्रमांक लिहून घ्या. त्याच दिवशी बँकेला लेखी कळवा आणि पोच घ्या. रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात घालून दिलेल्या नियमाप्रमाणे, चूक ग्राहकाची किंवा बँकेची नसून तिसऱ्याच कुणाची असेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं असेल, तर भार ग्राहकावर येत नाही. ग्राहकाच्या हलगर्जीपणाने पैसे गेले असतील तर कळवेपर्यंतचं नुकसान त्याचं, पण कळवल्यानंतरचं बँकेचं. म्हणून पोच जपून ठेवायची.

मोबाइलचं इंटरनेट बंद करा. पासवर्ड आणि यूपीआयचा पिन दुसऱ्या मोबाइलवरून बदला. मग तो मोबाइल पूर्ण रिसेट करून घ्या. नुसतं अ‍ॅप काढून भागत नाही. प्ले स्टोअरबाहेरून आलेल्या अशा अ‍ॅपला एकदा मेसेज वाचायची परवानगी दिली की बँकेचा ओटीपी तुमच्याआधी ते वाचतं. पिक्चर फुकट देणाऱ्याचा खर्च कुठून निघतो, ते यातून कळेल : सट्ट्याच्या जाहिराती, आपोआप उघडणारी पानं, आणि असं काही.

आणि ताई, मुलाशी आज बोला. ज्यांनी ते अ‍ॅप बनवलं त्यांचा हाच धंदा आहे, मोठमोठी माणसंही त्यात फसतात. तो सतरा-अठरा वर्षांचा आहे आणि त्याला एक पिक्चर बघायचा होता. त्याला कोणता पिक्चर बघायचा होता ते विचारा. तिथून बोलणं सुरू होईल.

प्रश्न : आमच्या मंडळात यंदा मुलांसाठी प्रोजेक्टरवर एक परदेशी अ‍ॅक्शनपट हिंदीत दाखवायचं ठरतंय. कार्यकर्त्यांनी डाउनलोड करून ठेवला आहे. तिकीट नाही, कमाई नाही. काही अडचण? घरी असा पिक्चर बघणंही गुन्हा असतो का, यावरून मंडळात वाद आहे.
(मंडळाचे चिटणीस, गिरगाव)

उत्तर : दाखवू नका. तिकीट नसलं तरी तो जाहीर खेळ होतो आणि त्याला हक्कदाराची परवानगी लागते. ओटीटीची वर्गणी भरली असली तरी ती घरातल्यांपुरती असते, मंडपापुरती नाही. शिवाय जाहीर खेळाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं आणि डब केलेल्या आवृत्तीलाही ते लागतं. डाउनलोड केलेल्या फाइलला यातलं काहीच नाही.

वादाचं म्हणाल तर, २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी स्पष्ट केलं होतं की नुसतं पाहणं हा गुन्हा नाही. विनापरवाना वाटणं, जाहीर दाखवणं, विकणं किंवा भाड्याने देणं हा गुन्हा आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड. थिएटरात बसून चित्रीकरण करणाऱ्यांसाठी आणि तशी प्रत पसरवणाऱ्यांसाठी २०२३ ची सिनेमॅटोग्राफ कायद्यातली दुरुस्ती आणखी कडक आहे : तीन महिने ते तीन वर्षं कैद, आणि दंड तीन लाखांपासून चित्रपटाच्या निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत. आपल्या महाराष्ट्रात तर २००९ पासून ‘व्हिडिओ पायरेट’ एमपीडीए या स्थानबद्धतेच्या कायद्यात आले आहेत, म्हणजे झोपडपट्टी दादा आणि हातभट्टीवाले यांच्या रांगेत. ग्रुपवर फाइल पुढे ढकलणारा कार्यकर्ता नुसता पाहणारा राहत नाही, हे त्याला सांगा.

मुलांना पिक्चर दाखवायची हौस खरी असेल तर वितरकाला पत्र लिहा. जुन्या, टीव्हीवर येऊन गेलेल्या पिक्चरच्या एका खेळासाठी काही जण थोडक्या पैशांत परवानगी देतात. आमच्या चाळीने तेव्हा विचारलं नव्हतं. तुम्ही विचारा.

प्रश्न : मॅडम, मी २२ वर्षांचा आहे. मोबाइल आणि साध्या माइकवर परदेशी पिक्चर हिंदीत डब करून देतो. एका टेलिग्राम चॅनेलवाल्याने काम दिलंय, पिक्चरमागे १,५०० रुपये. सगळ्या पुरुषांचे आवाज मीच काढतो, मध्ये मध्ये सट्ट्याच्या अ‍ॅपची जाहिरातही मीच बोलतो. एक क्लिप पाठवली आहे. मला खऱ्या स्टुडिओत काम करायचंय. जमेल का?
(एक वाचक, कुर्ला)

उत्तर : क्लिप मी चार वेळा ऐकली. हॉस्पिटलच्या दारात बाप मुलाला ‘घर चल’ म्हणतो तिथे तू आवाज खाली आणलास. पडद्यावरचा नट तिथे ओरडतोय, तू ओरडला नाहीस, आणि तुझंच बरोबर आहे. हे शिकवून येत नाही. पण त्याआधी तोच बाप जिना चढून धावत येतो आणि तुझा श्वास जागच्या जागी असतो. धाप, हुंकार, मार खाल्ल्यावरचा आवाज यांना आम्ही ‘एफर्ट्स’ म्हणतो. अ‍ॅक्शनपटात अर्धं काम तेच. दुसरं म्हणजे ‘जाओ’ मधला ‘ज’ तू आपल्या मराठी ‘जा’ सारखा म्हणतोस. हिंदीत तो ‘जीव’ मधल्या ‘ज’ सारखा हवा. माझीही जीभ तिथे वर्षभर अडखळत होती.

आता कडू बोलते. हे काम आजच्या आज थांबव. कलम ६३ नुसत्या चोरी करणाऱ्याला लागत नाही, जाणूनबुजून त्याला साथ देणाऱ्यालाही लागतं, आणि पकडायची वेळ आली की चॅनेलवाला सापडत नाही, आवाज सापडतो. त्याहून मला टोचते ती जाहिरात. वर भांडुपच्या आईचं पत्र आहे. तो मुलगा तुझ्यासारखाच आवाज ऐकत असतो. ज्या आवाजावर त्याचा विश्वास बसलाय, तोच मध्येच त्याला सट्टा खेळायला सांगतो. तुझ्याकडे जे आहे ते यासाठी वापरू नकोस, मी हात जोडून सांगते.

खरा स्टुडिओ कसा असतो? मोठ्या हॉलिवूडपटाचं काम असेल तर मोबाइल बाहेर जमा करायचा. पडद्यावर काळं, आणि त्या काळ्यात फक्त बोलणाऱ्याचा चेहरा, वर वॉटरमार्क. स्फोट कुठे झाला, समोर कोण उभं आहे, काही दिसत नाही. डायरेक्टर सांगेल तेवढंच. प्रत फुटू नये म्हणून ही खबरदारी, आणि तिच्यामुळे काम दुप्पट अवघड होतं. कानात मूळ आवाज, समोर ओठ, हातात संवाद. ‘बाहुबली’ च्या हिंदीत प्रभासला आवाज शरद केळकरचा आहे, ‘पुष्पा’ मध्ये अल्लू अर्जुनला श्रेयस तळपदेचा. मराठी घरातली माणसं आहेत दोघंही. आपल्या जिभेला हे जमतं.

सुरुवात गर्दीपासून होते. बाजार, हाणामारी, विमानतळ, यांत मागे जी कुजबुज आणि आरडाओरड असते ती आठ-दहा जण एका माइकभोवती उभं राहून करतात. तिथे उभा राहा, ऐक, सीनियर कसा श्वास घेतो बघ. रोल देतो म्हणून कुणी पैसे मागितले तर तिथून निघून ये. चांगला स्टुडिओ पैसे देतो, घेत नाही.

आणि मला एक काम करून पाठव, मासिकाच्या पत्त्यावर. दोन मिनिटांचा प्रसंग घे. आवाज बंद करून बघ आणि नटाचे ओठ जिथे जिथे मिटतात तिथे कागदावर टिंब दे. त्या टिंबावर प, फ, ब, भ, म यांपैकी अक्षर आलंच पाहिजे. तो ‘मूव्ह’ म्हणत असेल तर ‘हटो’ बसणार नाही, अर्थ बरोबर असून ओठ खोटे पडतील. ‘भागो’ बसेल. असे संवाद स्वतः लिही, मग बोल. हॉस्पिटलचाच प्रसंग घेतलास तरी चालेल. फक्त या वेळी बाप जिना चढतो तिथून सुरू कर.